दाखवायला ठेवलेला स्पीकर

१

ऐका. एका गल्लीच्या वळणावर एक घर होतं. त्या घरात एक चष्मेवाला राहायचा, तो माझा मुलगा. चष्मेवाल्याची बायको राहायची, ती माझी सून. त्यांची एकुलती एक लेक राहायची, ती माझी ठकू. आणि स्वयंपाकघरात कमी, खिडकीशी जास्त अशी एक म्हातारी राहायची, ती मी. चार माणसं, चार खुर्च्या, चार ताटं. पुढं घरात पाचवं कुणीतरी आलं, पण ताटं चारच लागत राहिली. त्याची ही गोष्ट.

ठकू बावीस वर्षांची. बोलताना अडकायची, अगदी लहानपणापासून. शब्द ओठांपर्यंत यायचा आणि उंबऱ्याला ठेच लागल्यासारखा तिथंच उभा राहायचा. मग तिच्या डाव्या डोळ्याखालची शीर उडायची, उजव्या हाताची बोटं मांडीवर टकटक करायची, आणि कधी दोन श्वासांनी, कधी दहा श्वासांनी शब्द बाहेर पडायचा. तिची 'आजी' अशी हाक पुरी होईपर्यंत माझा अर्धा कप चहा पिऊन व्हायचा.

ती पाच वर्षांची असताना मी घरात एक नियम घातला. तिचं वाक्य दुसऱ्या कुणी पुरं करायचं नाही. पोरीला पाणी हवंय हे आंधळ्यालाही दिसत असलं तरी तिनं 'पाणी' म्हणेपर्यंत थांबायचं. मुलगा कुरकुरला, म्हणाला, तोवर ती तहानेनं जाईल. मी त्याला म्हटलं, तू दोन वर्षांचा होईपर्यंत चालत नव्हतास, म्हणून आम्ही तुला दुसऱ्याचे पाय लावले नाहीत.

ठकू बापाच्या चष्म्याच्या दुकानात मागच्या खोलीत बसायची. काचा घासून फ्रेममध्ये बसवण्यात तिचा हात असा की बापानंही तोंडात बोट घालावं. पण पुढं, गिऱ्हाइकांसमोर, ती यायची नाही. आणि मुलाची कंबर धरायला लागली होती. त्यानं एक दिवस जेवताना स्पष्ट सांगितलं की वर्षभरात ठकूनं पुढचं काउंटर सांभाळलं तर दुकान राहील, नाहीतर तो ते विकून मोकळा होणार. बोलणाऱ्याची माती खपते, न बोलणाऱ्याचं सोनं पडून राहतं, असंही म्हणाला. ठकूनं पुढ्यातला पाव चुरला. तिला त्या दुकानाशिवाय जगात दुसरी जागा नव्हती, हे आम्हा चौघांनाही ठाऊक होतं.

२

बोलणं शिकवणाऱ्या बाईंकडे ठकू आठवड्यातून एकदा जायची. त्या बाईंनी सुचवलं की हिला गायला लावा, गाताना हिची जीभ अडकत नाही. घरी चार माणसं बोलवा, कराओके करा, माईक हातात धरायची सवय लागू द्या, भीड चेपेल.

म्हणून आम्ही सगळे स्पीकर बघायला गेलो. दुकानदार गोल पोटाचा, हसऱ्या तोंडाचा. त्यानं एकेक पेटी काढून दाखवली. कुणाला दिवे होते, लाल निळे, गाण्याबरोबर नाचणारे. सुनेला ते फार आवडले. कुणाला चाकं आणि ओढायला दांडा. कुणाची बॅटरी सहा तास चालायची, कुणाची दहा. मुलगा प्रत्येक पेटीची किंमत ऐकून खिसा चाचपायचा आणि दुसरी दाखवा म्हणायचा. मी म्हटलं, दिवे काय बघता, आवाज ऐका. आपल्याला पोरीचा आवाज ऐकायचाय, रोषणाई नाही करायची.

मी स्टुलावर बसले आणि डोळे मिटले. दुकानदाराला म्हटलं, प्रत्येकात बोल. लहान पेटी नाकातून बोलायची. मोठी नुसती धडधडायची, माझी कवळी हलली. एकीत त्याचा आवाज विहिरीतून आल्यासारखा. आणि मग एकीत त्याचा आवाज असा आला की मी डोळे उघडले. वाटलं, तो माझ्या कानाशी येऊन बोलतोय. तो तर दहा हात लांब होता.

ती पेटी कोपऱ्यात होती. मध्यम उंचीची, वर कडी, पुढं काळी जाळी, दोन माईक. कोपरे घासलेले. दुकानदार म्हणाला, आजी, तो विकायचा नाही, दाखवायला ठेवलाय. दोन वर्षं दुकानात येणारा जाणारा त्यातच बोलून बघतो.

मी विचारलं, काय बोलतात?

तो हसला. "काय बोलणार, आजी? हॅलो हॅलो, येतोय का आवाज, आणि ठेवून देतात. पुरतं वाक्य कोण बोलतं दुकानात?"

मीच हट्ट धरला. मुलानं घासाघीस केली, दुकानदारानं अर्ध्यात दिला. स्वस्तात मस्त मिळालं म्हणून आम्ही खूश. हे आधीच सांगून ठेवते, म्हणजे नंतर कुणी सुनेला किंवा मुलाला बोल लावायला नको. ती पेटी मी निवडली. डोळे मिटून निवडली.

३

रविवारी दुपारी चारला माणसं जमली. समोरचे निवृत्त टपालवाले काका आले. सुनेची एक मैत्रीण आली, ती पडदे शिवायची. आम्ही धरून सहाजण. सुनेनं केक केला होता, टपालकाकांनी लिंबाचं सरबत आणलं.

फोन जोडला. शब्द काढून टाकलेलं गाणं वाजायला लागलं, नुसता बाजा. पहिलं टपालकाका गायले. त्यांचा सूर सायकलच्या ब्रेकसारखा, पण उत्साह दांडगा. मग पडदेवाली. मग ठकूला हाताला धरून उभं केलं.

ती गायली. काय सांगू! एक शब्द अडला नाही. आवाज बारीक, थोडा थरथरता, पण सरळ ओढ्यासारखा वाहत गेला. मुलगा खुर्चीवर पुढं सरकून बसला होता. सुनेनं पदरानं डोळे टिपले आणि लोकांना कळू नये म्हणून केकचा सुरा पुसायला लागली.

गाणं संपल्यावर टपालकाका म्हणाले, आता दोन शब्द बोल की गं. ठकूनं माईक तोंडाशी नेला. "म," म्हणाली. "म, म." डोळ्याखालची शीर उडायला लागली. बोटं मांडीवर टकटक. आम्ही नियमानं थांबलो.

आणि पेटीतून तिच्याच आवाजात आलं, "मला खूप छान वाटलं."

ठकूचे ओठ 'म'वरच मिटलेले होते. मी तिच्याकडेच बघत होते, माझी नजर अजून लांबची घार उडताना टिपते. ओठ मिटलेले होते आणि वाक्य पेटीतून आलं. मग तिनं ओठ उघडले, गोंधळून इकडं तिकडं पाहिलं.

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. हे मी विसरत नाही. सतरा वर्षं मी कुणाला तिचं वाक्य पुरं करू दिलं नव्हतं, आणि त्या दिवशी ते पुरं झालं तेव्हा मला हायसं वाटलं. मनाशी म्हटलं, आवाज पेटीत घुमून उशिरा येत असेल. दुकानातही यात आवाज कुठून येतो ते कळलं नव्हतं ना. मी स्वतःला एवढं सांगितलं आणि केक खाल्ला.

४

सोमवारी सकाळी ठकू स्वयंपाकघरात आली आणि म्हणाली, "आजी, चहा झालाय का? मला आज लवकर जायचंय, पुढचं काउंटर झाडून घेते."

माझ्या हातातला चमचा खाली पडला. सून तर भिंतीला टेकली. मुलगा दाढी अर्धी टाकून बाहेर आला, एका गालाला फेस तसाच. ठकू हसली आणि आणखी दोन वाक्यं बोलली. सरळ, गुळगुळीत, घासलेल्या काचेसारखी.

त्या दिवशी ती काउंटरवर बसली. मुलगा घरी येऊन सांगायचा, गिऱ्हाईक दारात पाय ठेवतं तोच ही त्याला काय हवं ते सांगते. वाचायचा चष्मा, काळी फ्रेम, नाकाला हलकी. लोक थक्क होतात. पंधरा दिवसांत त्यानं दुकान विकायचा विषय टाकून दिला. बोलणं शिकवणाऱ्या बाईंना सुनेनं केकचा मोठा तुकडा पाठवला.

घरात आनंदीआनंद. मी एकटी खिडकीशी बसून बोटं मोजत होते. ठकूच्या उजव्या हाताची बोटं. ती आता हलतच नव्हती. बोलताना हात बाजूला लोंबायचे, वाळत घातलेल्या शर्टाच्या बाह्यांसारखे. डोळ्याखालची शीर गप्प होती. आणि बोलण्याआधी ती श्वास घ्यायची नाही. आपण सगळे घेतो, लक्ष देऊन बघा, कितीही छोटं बोलायचं असलं तरी आधी छाती थोडी वर येते. हिची येत नव्हती.

सुनेला म्हटलं. ती म्हणाली, "आई, इतकी वर्षं ती बोलत नव्हती म्हणून तुम्हाला काळजी. आता बोलते म्हणूनही काळजीच का?"

खरंच होतं तिचं. कधीकधी माणसाला दुःखाची सवय लागते, ते गेलं तर घर रिकामं वाटतं. मी माझ्या मनाला तसंच समजावलं.

५

मग ती आमची वाक्यं पुरी करायला लागली.

आधी बारीकसारीक. सून म्हणायची, अहो, मला जरा, आणि ठकू पलीकडच्या खोलीतून म्हणायची, डोकं दुखतंय, गोळी द्या. बरोबर असायचं. आम्ही हसायचो, म्हणायचो, पोरगी मनकवडी झाली.

एक दिवस सकाळी मुलगा बूट घालत म्हणाला, "उद्या मी..."

"उद्या मी दुकानात येणार नाही," ठकू म्हणाली.

मुलगा बुटाची नाडी हातात धरून तिच्याकडं बघत राहिला. काहीतरी आठवायचा प्रयत्न करत असावा तसा. मग त्यानं मान हलवली, म्हणाला, हो, तेच. आणि दुसऱ्या दिवशी तो खरंच गेला नाही. दिवसभर खुर्चीत बसून होता. मी विचारलं, अरे, तुला उद्याचं काय सांगायचं होतं? तो म्हणाला, तेच. आई, तेच सांगायचं होतं. पण त्याचे डोळे दुसरंच काही शोधत होते.

तिसऱ्या रविवारी टपालकाका गाण्यानंतर बसले होते. त्यांची बायको वारून चार वर्षं झाली, पण रोज ते तिची एक तरी गोष्ट सांगायचेच. त्या दिवशी सुरुवात केली, "आमची ही जेव्हा गेली तेव्हा मला..."

"तेव्हा मला हायसं वाटलं," ठकू म्हणाली. त्यांच्याच आवाजात नाही, तिच्याच. पण असं की जणू तेच बोलले.

काकांच्या हातातला ग्लास टेबलावर टेकला, अगदी हळू. ते कुणाकडे न बघता उठले आणि गेले. पुन्हा रविवारी आले नाहीत. रस्त्यात दिसले तर मान खाली घालायचे, जणू त्यांनी स्वतःच ते बोलून टाकलं होतं आणि आता ते परत घेता येत नव्हतं.

हळूहळू घरात बोलणं कमी झालं. सून, जी सकाळी नळ सुटावा तशी सुरू व्हायची, ती दोन शब्द बोलून थांबायला लागली. मुलगा एक शब्द बोलून थांबायचा. थांबून दोघंही ठकूकडं बघायचे. ती पुढचं सांगायची. ते मान हलवायचे. जेवणं पाच मिनिटांत उरकायची. भांड्यांचा आवाज, आणि एकाच माणसाचं बोलणं.

आणि मी? एक दुपार मी सुनेला माझ्या आईची गोष्ट सांगत होते. लाख वेळा सांगितलेली. आई आणि भाजीवाल्याचं भांडण. मी इतकंच म्हटलं, आई म्हणाली भाजीवाल्याला, आणि माझी जीभ तिथं थांबली. शेवट माझ्या तोंडात होता. मला दिसत होता, ताटातला घास दिसावा तसा. पण तो बाहेर येईना. दारात ठकू उभी होती. तिनं शेवट सांगितला. तो माझ्या आईचा शेवट नव्हता. मी मान हलवली.



६

पेटी बैठकीच्या खोलीत भिंतीला लावून होती. काका यायचे बंद झाल्यावर कराओकेही बंद पडलं. चार्जिंगची वायर मीच काढून कपाटात ठेवली. दिवे विझले, बॅटरी संपली. वर मी एक जुना टेबलक्लॉथ घातला, धूळ बसू नये म्हणून. असं म्हटलं तरी खरं मला ती जाळी बघायची नव्हती.

बुधवारची दुपार. मुलगा डॉक्टरकडं, सून त्याच्याबरोबर, ठकू दुकानात. मी खिडकीशी मटार सोलत बसले होते. आणि आवाज आला.

"आ."

मी हात थांबवले. फ्रीज असेल. आमचा फ्रीज जुना, मध्येच धाप लागल्यासारखा करतो. मी जाऊन फ्रीजला कान लावला. तो गप्प होता.

"आ. आ."

पाण्याचा पाइप असेल. वरच्यांचं बाळ असेल. मी पाइपला हात लावून बघितला, वरच्यांच्या घराकडं मान वर करून उभी राहिले. मी एवढी भोळी नाही की पहिल्या आवाजाला भूत म्हणेन. मी सगळी कारणं एकेक करून तपासली, मटारात किडका दाणा शोधतात तशी. पण त्या 'आ'ला एक अडकणं होतं. घशाच्या खालून येऊन ओठांशी थबकणं. मी ते सतरा वर्षं थांबून थांबून ऐकलं होतं. जगात ते एकाच गळ्याचं होतं.

मी टेबलक्लॉथ काढला. जाळीचा मधला भाग थोडा आत गेला होता, आतून कुणी श्वास ओढल्यासारखा. मग बाहेर आला.

"आ. आ. आ."

बॅटरी मेलेली होती. वायर कपाटात होती. मी पेटीसमोर खुर्ची ओढली. जाळीकडं तोंड करून बसले. आणि घड्याळाकडं पाठ केली.

७

"आजी," असं पुरं यायला किती वेळ लागला ते मला ठाऊक नाही. खिडकीतलं ऊन टेबलाच्या पायावरून चटईवर आलं होतं.

मग दुकान बंद व्हायच्या वेळेआधीच दार वाजलं. ठकू आत आली. चपला काढल्या नाहीत. खोलीच्या दारात उभी राहिली, हात बाजूला लोंबलेले.

"तिला पाणी हवंय," ती म्हणाली. "इतकंच आहे. मी सांगते ना, आजी, तू का थांबतेस?"

जाळी आत गेली. "आजी, म," आतून आलं. "म."

"आजी, मला भूक लागली," दारातली म्हणाली.

मी दाराकडं न बघता म्हटलं, "तुला कुणी विचारलं?"

"आजी, मला थंडी वाजते. आजी, मला बाहेर काढ. आजी, मला कंटाळा आलाय. यातलं कुठलंही घे ना." आवाज गोड होता, लाडाचा. "तू नुसती मान हलव, की झालं. तुझेही पाय दुखायचे थांबतील."

मी मान ताठ धरली. एवढं सोपं काम इतकं अवघड असतं हे मला तोवर माहीत नव्हतं. मानेचा मणका आपोआप वाकायला बघत होता. दोन महिने घरात आम्ही सगळे मान हलवतच होतो, मानेला सवय झाली होती.

"आजी, म. म," पेटी म्हणाली. जाळी थरथरली, आत गेली, बाहेर आली.

मग दारातून मुलाचा आवाज आला. आई, सोड ना, पोर सुखात आहे. मग सुनेचा. आई, तिनं इतकं सोसलं, आता तरी. मग टपालकाकांचा, भरल्या गळ्याचा. आणि मग अर्धे अर्धे खूप आवाज, अनोळखी माणसांचे, बायकांचे, लहान मुलांचे, हॅलो, हॅलो, येतोय का, ऐकू येतंय का, हॅलो. एकामागून एक. सगळे दारातून. सगळे एकाच ठिकाणाहून.

शेवटी ठकूचा आवाज, अगदी हळू. "आजी, मला इथंच राहू दे."

ते खरंही असू शकलं असतं. आत कुणी टोकत नाही, कुणी वाट बघत नाही, कुणी विकायचं म्हणत नाही. माझ्या नातीला तिथं बरं वाटत असेल तर? मी कोण तिला ओढून बाहेर काढणारी? मी इतकी थकले होते की मान अर्धी खाली गेली.

आणि तेव्हा मी चूक केली की बरोबर केलं, देव जाणे. मी दाराकडं बघितलं.

ऊन थेट तिच्या अंगावर होतं. तिचा गळा हलत नव्हता. तोंड उघडं होतं, पण बोलण्यासाठी उघडावं तसं नाही, नुसतं उघडं ठेवल्यासारखं, आणि आत, जीभ दिसायला हवी तिथं, काहीतरी काळं, बारीक बारीक भोकांचं. मी मान फिरवली. पुढचं पाहिलं नाही.

"गप्प बस," मी म्हटलं. आवाज माझा मलाच ऐकू आला नाही. "वाक्य तिचं आहे."

पुढं दारातून काही आलं नाही. पण कुणीतरी उभं होतं आणि ते श्वास घेत नव्हतं. मी फक्त जाळी बघत राहिले. आत, बाहेर. आत, बाहेर. मी तिच्याबरोबर श्वास घेत होते. चटईवरचं ऊन भिंतीवर चढलं, भिंतीवरून निसटलं.

"आजी, म. म. मला," पेटी म्हणाली. "मला व. व. वे."

मी थांबले.

"वेळ लागेल."

"लागू दे," मी म्हटलं.

मागं काहीतरी जमिनीवर बसल्याचा आवाज झाला. वळायला मला फार वेळ लागला. ठकू दाराशी फरशीवर बसली होती, भिंतीला पाठ लावून, चपला पायातच. छाती वर खाली होत होती. डोळ्याखालची शीर उडत होती. उजव्या हाताची बोटं मांडीवर टकटक, टकटक करत होती. मी जाऊन तिच्या शेजारी बसले. बोलायची घाई नव्हती.

८

त्या दिवशी जेवताना मुलगा म्हणाला, "मीठ," आणि थांबला. सवयीनं ठकूकडं बघितलं. ठकूनं त्याच्याकडं बघितलं आणि वाट पाहिली. तोही बघत राहिला. मग त्यानंच म्हटलं, "मीठ दे." दोन महिन्यांनी स्वतःचं वाक्य पुरं केलं होतं, त्याला घाम फुटला होता. मग ठकू बोलली. पहिल्याच शब्दाला अडकली. सुनेचा चेहरा पडला, खोटं कशाला बोलू. ती उठून स्वयंपाकघरात गेली आणि नळ सोडून उभी राहिली. परत आली तेव्हा डोळे लाल होते, पण ती खुर्ची ओढून बसली आणि लेकीचं वाक्य संपेपर्यंत थांबली.

टपालकाकांच्या घरी मी स्वतः गेले. काय म्हणायचं ते कळेना, म्हणून म्हटलं, तुमच्या बायकोची गोष्ट अर्धी राहिली. त्यांनी ती पुरी सांगितली. ती गेली तेव्हा त्यांना काय वाटलं, ते माझ्यात आणि त्यांच्यात आहे.

पेटी आम्ही परत दिली नाही. दुकानात ठेवली की पुन्हा येणारा जाणारा त्यात बोलणार. ती माझ्या खोलीत कपाटावर आहे, जाळीची बाजू भिंतीकडं. घरात कुणी अर्धं बोलून थांबलं की तिकडून कुणीतरी श्वास आत ओढल्यासारखं मला वाटतं. फ्रीज नसतो तो. मी ताबडतोब म्हणते, बोल रे, पुरं बोल. आणि तो बोलतो.

ठकू परत मागच्या खोलीत गेली नाही. बापानं म्हटलं होतं, जाऊ दे, तू काचाच घास. तिनं मान हलवली, नाही म्हणून. तिनं डोळे तपासायची खुर्ची मागून घेतली. नंबर काढताना दुसऱ्याला विचारायचं असतं, हे स्पष्ट दिसतं की हे, आणि मग थांबायचं असतं. लोकांना पटकन सांगता येत नाही. त्यांना वाटतं, दुकानदाराला उशीर होतोय, म्हणून ते काहीतरी सांगून टाकतात आणि चुकीचा चष्मा घेऊन जातात. ठकूपुढं कुणाला घाई वाटत नाही. तिचा प्रश्न पुरा व्हायला वेळ लागतो, म्हणून त्यांचं उत्तरही वेळ घेतं. तिनं काढलेल्या नंबराचा चष्मा कुणी बदलायला आणत नाही. आता दुकानाबाहेर बाकावर माणसं बसून असतात, चहा पितात, वाट बघतात आणि तक्रार करत नाहीत. मुलानं दुकानावरची पाटी काढून नवी लावली, तिच्यावर लेकीचं नाव आधी आहे.

आमच्या घरी आता जेवणं थंड होतात, पण वाक्यं पुरी होतात. फार वाट बघून आमच्या घराचं भाग्य उजाडलं. तुमच्याही घरात कुणाचं काही ओठांशी अडून राहिलं असेल, तर तेही त्याच्या वेळेनं, त्याच्याच तोंडून बाहेर येवो, आणि ऐकणारी माणसं ताटावरून उठून न जावोत.